वेस्टर्नपटांतील सहायक अभिनेत्याची कारकीर्द कशी अभ्यासावी : बेन जॉन्सन यांच्या निमित्ताने

जुने अमेरिकी वेस्टर्न चित्रपट आवडीने पाहणाऱ्या प्रेक्षकाला एक अनुभव हमखास येतो. नायकाच्या मागे घोड्यावर बसलेला, दारूच्या गुत्त्यात कोपऱ्यात उभा असलेला किंवा घोडदळाच्या तुकडीत दोन वाक्ये बोलून निघून जाणारा एखादा चेहरा चार-पाच चित्रपटांत पुन्हा पुन्हा भेटतो आणि ओळखीचा होतो, पण त्याचे नाव ठाऊक नसते. अशा अभिनेत्याविषयी लिहायचे ठरवले की बहुतेक जण त्याच्या चित्रपटांची यादी मिळवतात, तिला जन्ममृत्यूच्या तारखा आणि असलाच तर एखादा पुरस्कार जोडतात आणि काम झाले असे मानतात. नायकाच्या बाबतीत हे एक वेळ चालून जाते, कारण चित्रपट त्याच्याभोवतीच बेतलेले असतात. सहायक अभिनेत्याच्या नुसत्या यादीतून मात्र फारसे काही कळत नाही. त्याची कारकीर्द समजून घ्यायची असेल, तर प्रत्येक कामाविषयी तीन प्रश्न विचारावे लागतात : हे काम त्याने प्रत्यक्षात केव्हा केले, ते त्याला कोणामुळे मिळाले आणि त्या कामासाठी त्याच्या अंगी नेमके कोणते कसब होते. हे प्रश्न कसे विचारावेत आणि त्यांची उत्तरे कोठे शोधावीत, हे बेन जॉन्सन (१९१८–१९९६) यांच्या उदाहरणावरून येथे मांडले आहे.

अभिनेत्याची निवड

पहिल्या अभ्यासासाठी फार गाजलेले नाव घेऊ नये, असे मला वाटते. वॉल्टर ब्रेनन यांना १९३६, १९३८ आणि १९४० या वर्षांतील चित्रपटांसाठी तीन वेळा सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचे ऑस्कर मिळाले. त्यांच्याविषयीचे कोणतेही लेखन या तीन पुरस्कारांभोवतीच फिरत राहते. निवड करताना अभिनेत्याच्या कामाचा काळ पाहावा. १९४० च्या दशकातील स्टुडिओंचे करार, १९५० च्या दशकात आलेला दूरचित्रवाणीचा लोंढा आणि १९६० च्या दशकाच्या अखेरीस बदललेला वेस्टर्नपट, यांपैकी किमान दोन टप्पे ज्याने पाहिले आहेत असा अभिनेता घेतला, तर त्याच्याबरोबर धंद्याचाही इतिहास हाती लागतो. हिशेबनीस म्हणून काम करून मग पडद्यावर आलेले जॅक ईलम किंवा व्यावसायिक फुटबॉल खेळून आलेले वुडी स्ट्रोड हेही या दृष्टीने उत्तम विषय आहेत. जॉन्सन निवडण्याचे कारण इतकेच की त्यांनी तिन्ही टप्पे पाहिले आणि मधल्या काळात ते सुमारे वर्षभर चित्रपट सोडूनही गेले.

यादी तयार करताना

सुरुवात अर्थातच यादीपासूनच करावी लागते, पण ती एकाच ठिकाणाहून उचलू नये. आयएमडीबी हे संकेतस्थळ सोयीचे आहे, परंतु तेथील पुष्कळशी माहिती वाचकांनीच भरलेली असते आणि नाव नसलेल्या भूमिकांच्या बाबतीत तेथे बरीच भर उत्साहापोटी पडलेली दिसते. अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटची चित्रपटसूची विनामूल्य पाहता येते. तीत अनेक चित्रपटांची चित्रीकरणाची मुदत, निर्मितीसंस्था आणि त्या काळच्या व्यापारी नियतकालिकांतील बातम्यांचा गोषवारा दिलेला असतो. दोन्ही याद्या शेजारी ठेवून जेथे त्या जुळत नाहीत तेथे खूण करावी. ज्या चित्रपटाविषयी शंका आहे तो स्वतः पाहून चेहरा ओळखल्याशिवाय त्याची नोंद पक्की धरू नये.

सारख्या नावांच्या माणसांची सरमिसळ हा दुसरा धोका आहे. बेन जॉन्सन हे नाव टंकले की कॅनडाचा धावपटू पुढे येतो, हे सहज लक्षात येते. लक्षात न येणारी अडचण वेगळी आहे. अभिनेत्याच्या वडिलांचेही नाव बेन जॉन्सनच होते आणि ओक्लाहोमा राज्यातील ओसेज परगण्यात, रोडिओच्या म्हणजे गुराख्यांच्या कसबांच्या स्पर्धांमध्ये, त्यांचा मोठा दबदबा होता. त्यामुळे जुन्या वृत्तपत्रांत या नावाने आलेली रोडिओची बातमी मुलाची समजून वापरली, तर पहिल्याच परिच्छेदात घोटाळा होतो. हॅरी केरी आणि हॅरी केरी ज्युनियर या अभिनेत्या पितापुत्रांच्या बाबतीतही हीच काळजी घ्यावी लागते.

यादीत चित्रपटाचे नाव आणि पात्राचे नाव यांखेरीज आणखी दोन रकाने ठेवावेत : श्रेयनामावलीत नाव आले की नाही, आणि माणूस त्या चित्रपटात काय म्हणून होता. त्या काळी श्रेयनामावली चित्रपटाच्या आरंभी येत असे आणि तीत मोजकीच नावे असत. बाकीच्यांचा उल्लेखही होत नसे. जॉन्सन यांची पहिली काही वर्षे तर अभिनेता या रकान्यात बसतच नाहीत. निर्माते हॉवर्ड ह्यूझ यांनी ‘द आउटलॉ’ या चित्रपटासाठी ओक्लाहोमातून घोडे विकत घेतले, ते घोडे घेऊन हा तरुण पश्चिमेकडे गेला आणि तेथेच राहिला. गुरांच्या मळ्यावर रोज एक डॉलर मिळत होता आणि हॉलिवूडमधला पहिला धनादेश ३०० डॉलरचा होता, असे ते पुढे मुलाखतींतून सांगत. मोतद्दार, स्टंटमन आणि जॉन वेन, गॅरी कूपर, जेम्स स्टुअर्ट यांच्यासारख्या नायकांचा घोड्यावरचा डुप्लिकेट, ही त्यांची १९४० च्या दशकातील कामे होत. ही वर्षे ‘सुरुवातीचा संघर्ष’ म्हणून दोन ओळींत गुंडाळण्याचा मोह होतो. तो टाळावा, कारण पुढे त्यांना मिळालेल्या जवळजवळ प्रत्येक मोठ्या भूमिकेचे मूळ याच कामात आहे.

चित्रीकरणाचे वर्ष आणि प्रदर्शनाचे वर्ष

या अभ्यासातील सर्वांत महत्त्वाचा आणि सर्वांत दुर्लक्षित भाग हाच आहे. याद्या प्रदर्शनाच्या वर्षानुसार लावलेल्या असतात. माणूस मात्र चित्रीकरणाच्या दिवसांत जगत असतो. एरवी या दोहोंत काही महिन्यांचे अंतर असते, पण काही वेळा ते इतके वाढते की कारकिर्दीचा अर्थच बदलून जातो. ‘द आउटलॉ’चे चित्रीकरण १९४० च्या अखेरीस सुरू झाले, तो प्रथम दाखवला गेला १९४३ मध्ये आणि सर्वत्र पोहोचला १९४६ मध्ये. मार्लन ब्रँडो यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘वन-आइड जॅक्स’मध्ये जॉन्सन यांनी खलप्रवृत्तीच्या लुटारूचे ठसठशीत काम केले आहे, त्याचे चित्रीकरण १९५८ च्या अखेरीस सुरू झाले आणि चित्रपट आला तो १९६१ मध्ये.

पण खरी गंमत १९५३ या वर्षाची आहे. प्रदर्शनाच्या तारखा पाहिल्या, तर ‘शेन’सारखा गाजलेला चित्रपट पडद्यावर असल्यामुळे हे वर्ष जॉन्सन यांच्या भरभराटीचे वाटते. ‘शेन’चे चित्रीकरण मात्र १९५१ च्या उन्हाळ्यात आणि शरद ऋतूत वायोमिंगमधील जॅक्सन होलच्या परिसरात झाले होते. प्रेक्षक १९५३ मध्ये तो पाहत होते, तेव्हा हा नट रोडिओच्या मैदानांवर फिरत होता. दोन घोडेस्वारांनी मिळून एका बैलाची शिंगे आणि मागचे पाय फासात पकडायचे, या ‘टीम रोपिंग’ प्रकारातील जगज्जेतेपद त्याने त्या वर्षी मिळवले. वर्षभराच्या खर्चाचा हिशेब जमेनासा झाला, मोटार खिळखिळी झाली आणि पत्नी रागावली, असे त्याचे वर्णन त्यांनी नंतर हसत हसत केले आहे. जगज्जेता होऊनही पोट भरत नाही हे कळल्यावर ते चित्रपटांकडे परतले. दोन तारखांचे दोन रकाने केल्याशिवाय हा सगळा भाग दिसतच नाही.

चित्रीकरणाच्या तारखांसाठी वर उल्लेखिलेली सूची पहिल्यांदा पाहावी. तेथे समाधान झाले नाही, तर मीडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररीकडे वळावे. ‘फिल्म डेली’, ‘मोशन पिक्चर हेरल्ड’ आणि ‘व्हरायटी’ यांसारख्या नियतकालिकांचे जुने अंक तिने विनामूल्य उपलब्ध केले आहेत आणि ‘लँटर्न’ या तिच्या शोधयंत्रातून नाव टाकून पाने काढता येतात. शोध घेताना अभिनेत्याच्या नावाबरोबर चित्रपटाचे किंवा दिग्दर्शकाचे नावही द्यावे, नाहीतर हजारो निरुपयोगी पाने समोर येतात. चित्रपटाची नावे चित्रीकरणाच्या काळात वेगळी असत आणि प्रदर्शनापूर्वी बदलली जात, हेही ध्यानात ठेवावे.

काम देणारी माणसे

यादी आणि तारखा तयार झाल्या की प्रत्येक नोंदीपुढे दिग्दर्शक, निर्माता आणि वारंवार दिसणारे सहकलाकार लिहावेत. वेस्टर्नपटांचे जग आकाराने लहान होते. तीच माणसे त्याच माळरानांवर एकमेकांना पुन्हा पुन्हा भेटत. सहायक अभिनेत्याला भूमिका मिळत, त्या बहुधा कोणाच्या तरी स्मरणातून.

जॉन्सन यांच्या बाबतीत ही साखळी घरापासून सुरू होते. १९४१ मध्ये त्यांचा विवाह कॅरल जोन्स यांच्याशी झाला. त्यांचे सासरे ‘फॅट’ जोन्स यांचा तबेला चित्रपटांना घोडे भाड्याने देई. म्हणजे जावई घोड्यावर बसणारा आणि सासरा घोडे पुरवणारा. दुसरा दुवा दिग्दर्शक जॉन फोर्ड यांचा. ‘फोर्ट अपाचे’च्या वेळी जॉन्सन हेन्री फोंडा यांचे डुप्लिकेट होते, त्या चित्रीकरणात तीन माणसे बसलेली एक गाडी घोडे उधळल्यामुळे भरधाव सुटली आणि जॉन्सन यांनी ती घोड्यावरून गाठून थांबवली. बक्षीस म्हणून आणखी एखादे स्टंटचे काम मिळेल अशी त्यांची अपेक्षा होती. हाती आला तो अभिनेता म्हणून सात वर्षांचा करार. त्यानंतर ‘शी वोअर अ यलो रिबन’ (१९४९), ‘वॅगन मास्टर’ (१९५०) आणि ‘रिओ ग्रांडे’ (१९५०) हे फोर्ड यांचे तीन चित्रपट झाले. ‘वॅगन मास्टर’मध्ये तर ते नायकच आहेत.

येथे अभ्यासकाने थांबून एक गोष्ट पाहावी. ‘रिओ ग्रांडे’नंतर फोर्ड यांच्या चित्रपटांत जॉन्सन एकदम दिसेनासे होतात आणि थेट १९६४ च्या ‘शाएन ऑटम’मध्ये, तेही लहानशा कामात, परत येतात. नोंदवहीत अशी मोठी रिकामी जागा दिसली की कारण शोधलेच पाहिजे. येथे कारण ठाऊक आहे : ‘रिओ ग्रांडे’च्या काळात दोघांचा खटका उडाला. फोर्ड आपल्या माणसांना चारचौघांत टाकून बोलत असत. जॉन्सन यांनी ते ऐकून घेतले नाही. नायकपदापर्यंत पोहोचलेला माणूस पुन्हा सहायक भूमिकांत का गेला, याचे मला पटणारे उत्तर अभिनयाच्या गुणवत्तेत नाही, ते या तुटलेल्या दुव्यात आहे.

पुढचे दुवे वाचकाने स्वतः जोडून पाहावेत, कारण त्यातच या पद्धतीचा आनंद आहे. दिग्दर्शक सॅम पेकिनपा यांच्या ‘मेजर डंडी’ (१९६५) आणि ‘द वाइल्ड बंच’ (१९६९) या दोन्ही चित्रपटांत जॉन्सन आणि अभिनेते वॉरन ओट्स एकत्र आहेत. दुसऱ्यात तर ते सख्खे भाऊ होतात. ‘द अनडिफीटेड’ आणि ‘चिझम’ यांचे दिग्दर्शक अँड्र्यू मॅक्लॅग्लन हे व्हिक्टर मॅक्लॅग्लन यांचे पुत्र, आणि व्हिक्टर हे फोर्ड यांच्या घोडदळपटांत जॉन्सन यांच्या बरोबरीने काम करणारे नट. दोन्ही चित्रपटांचे नायक जॉन वेन होते. वीस वर्षांपूर्वीच्या तुकडीची ओळख अशा रीतीने कामाला येत होती.

भूमिका पाहण्याची रीत

चित्रपट पाहताना हाताशी घड्याळ ठेवावे आणि अभिनेता पडद्यावर येतो ते क्षण लिहून काढावेत. किती मिनिटे, किती वाक्ये, घोड्यावर की पायी, आणि तो दृश्यातून गेल्यावर कथेत काय बदलले, एवढे टिपले तरी पुरे. प्रथमच संपूर्ण चित्रपट सलग पाहून घ्यावा. टिपणे दुसऱ्या वेळी करावीत, नाहीतर कथाही हातची जाते.

‘शी वोअर अ यलो रिबन’मधील सार्जंट टायरी हा तुकडीचा वाटाड्या आहे. कोणी मत विचारले की तो आधी ते आपले काम नसल्याचे सांगतो आणि लगेच अचूक अंदाज देऊन टाकतो. पाठलाग चुकवून दरीवरून घोडा उडवण्याच्या प्रसंगात तो जसा खोगिरात बसलेला आहे, ते पाहण्यासारखे आहे. अंग कोठेही ताठ नाही, हात उगाच हलत नाहीत. ‘रिओ ग्रांडे’मध्ये दोन घोड्यांच्या पाठींवर एकेक पाय ठेवून उभ्याने दौड करण्याचे दृश्य आहे. ते जॉन्सन आणि हॅरी केरी ज्युनियर यांनी डुप्लिकेट न घेता स्वतः केले. येथे कॅमेऱ्याला चेहरा लपवण्याची गरज उरत नाही, आणि दिग्दर्शकाच्या दृष्टीने अशा नटाची किंमत नेमकी यातच असते.

‘शेन’मधील कॅलोवे याच्या उलट आहे. गुत्त्यात नायकावर दारू फेकणारा हा उर्मट गुराखी नंतर मार खातो आणि शेवटी स्वतःहून येऊन सापळ्याची सूचना देऊन जातो. बदल दाखवण्यासाठी त्याला फारसे संवाद दिलेले नाहीत. पहिल्या आणि शेवटच्या प्रसंगातील त्याची उभे राहण्याची ढब शेजारी ठेवून पाहावी.

सर्वांत शेवटी ‘द लास्ट पिक्चर शो’ (१९७१) पाहावा. हा रूढ अर्थाने वेस्टर्न नाही; १९५१ च्या सुमाराच्या टेक्ससमधील एका ओस पडत चाललेल्या गावाची ती कथा आहे आणि तिचे चित्रीकरण आर्चर सिटी येथे झाले. जवळजवळ दोन तासांच्या चित्रपटात जॉन्सन सुमारे दहाच मिनिटे आहेत. गावातील चित्रपटगृह, खानावळ आणि बिलियर्डची खोली चालवणारा सॅम पाण्याकाठी बसून जुन्या प्रेमाविषयी बोलतो, एवढेच त्यांचे मोठे दृश्य. पटकथेत शब्द फार आहेत आणि त्यांतले काही अर्वाच्य आहेत, म्हणून त्यांनी आधी नकार दिला होता; दिग्दर्शक पीटर बोग्दानोविच यांनी मग फोर्ड यांच्याकडून शब्द टाकायला लावला. एप्रिल १९७२ मध्ये या भूमिकेसाठी सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचे ऑस्कर मिळाले तेव्हा पराभूत झालेल्यांत त्याच चित्रपटातील जेफ ब्रिजेस हेही होते. तुटलेला दुवा असा वीस वर्षांनी उपयोगी पडला. आधीचे चित्रपट पाहिले असतील, तर त्या दहा मिनिटांत प्रेक्षक टायरीलाही पाहत असतो. म्हणून हा चित्रपट आधी पाहू नये.

पैसा आणि दूरचित्रवाणी

मे १९४८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने मोठ्या स्टुडिओंच्या चित्रपटगृहांवरील मक्तेदारीविरुद्ध निर्णय दिला. त्याच सुमारास घरोघरी दूरचित्रवाणी आली आणि स्वस्तात झटपट काढल्या जाणाऱ्या दुय्यम वेस्टर्नपटांचा धंदा १९५० च्या दशकाच्या मध्यापर्यंत बसला. त्यावर पोट भरणारे नट मालिकांकडे वळले. ‘गनस्मोक’ १९५५ ते १९७५ या काळात ६३५ भाग चालली; यावरून कामाचा ओघ कळतो. जॉन्सन यांनीही ‘गनस्मोक’, ‘बोनान्झा’, ‘लॅरामी’ यांत पाहुण्या भूमिका केल्या आणि १९६६–६७ मध्ये ‘द मन्रोज’ या मालिकेत ते नियमित होते. मालिकांच्या याद्या कंटाळवाण्या असतात. प्रत्येक भाग पाहण्याची गरज नाही. वर्षाला किती भाग झाले एवढे मोजून त्यांतले दोन-तीन पाहिले तरी चालेल.

मानधनाविषयी लिहिताना १९६० चे वर्ष विसरू नये. त्या वर्षीच्या मार्च-एप्रिलमध्ये चित्रपट अभिनेत्यांच्या संघटनेने संप केला. त्यातून १९६० पासूनचे चित्रपट दूरचित्रवाणीवर दाखवले गेल्यास नटांना पुनर्प्रसारणाचा मोबदला मिळू लागला. त्यापूर्वीच्या चित्रपटांसाठी स्टुडिओंनी निवृत्तिवेतन आणि आरोग्य योजनेत २२.५ लाख डॉलर एकरकमी भरले. म्हणजे ‘वॅगन मास्टर’ किंवा ‘शेन’ घरोघरी कितीही वेळा दिसले, तरी त्या प्रत्येक खेळामागे नटाच्या हाती काही पडत नव्हते.

आख्यायिकांचे काय करावे

या नटांच्या मुलाखती रसाळ असतात आणि त्यातच जोखीम असते. कराराचा कागद हाती आल्यावर पाचव्या ओळीत आठवड्याला ५००० डॉलर हा आकडा दिसताच पुढचे न वाचता आपण सही केली, असे जॉन्सन सांगत. किस्सा अवश्य द्यावा, पण ‘त्यांच्या सांगण्यानुसार’ या शब्दांसह. तोच प्रसंग दुसऱ्या कोणी सांगितला आहे का, ते पाहावे. हॅरी केरी ज्युनियर यांनी फोर्ड यांच्या संचातील दिवसांवर आत्मचरित्र लिहिले आहे आणि बऱ्याच प्रसंगांची पडताळणी त्यात होते. ज्या गोष्टीला एकच साक्षीदार आहे आणि तो स्वतः कथेचा नायक आहे, तिच्यावर निष्कर्ष बांधू नये.

फोर्ड यांच्या मॉन्युमेंट व्हॅलीतील चित्रपटांत नव्हाहो जमातीचे लोक अपाचे किंवा शाएन म्हणून घोडे दौडवताना दिसतात आणि त्यांपैकी बहुतेकांची नावे श्रेयनामावलीत नाहीत. टायरीचा पाठलाग करणारे स्वारही तितक्याच तयारीचे होते. जॉन्सन यांच्या चित्रपटांचे टिपण करताना अशा चेहऱ्यांसाठी वहीत वेगळे पान ठेवावे. नाव सापडले नाही तरी चित्रपट, प्रसंग आणि मिनिट यांची नोंद करावी.

लेख लिहायला घेताना कालक्रम चित्रीकरणाच्या तारखांवरून लावावा आणि परिच्छेद माणसांनुसार पाडावेत : मोतद्दारीची वर्षे, फोर्ड, रोडिओ, दूरचित्रवाणी, पेकिनपा आणि मॅक्लॅग्लन, बोग्दानोविच. ऑस्करने लेखाची सुरुवात करू नये, आणि शेवटही तेथे करू नये, कारण त्यानंतर जॉन्सन आणखी सुमारे पंचवीस वर्षे काम करत होते. १९७२ मध्येच पेकिनपा यांच्या ‘ज्युनियर बॉनर’मध्ये ते रोडिओसाठी बैल पुरवणाऱ्या व्यावसायिकाच्या भूमिकेत आहेत, त्या चित्रपटासाठी घड्याळ आणि वही पुन्हा काढावी लागेल.